घुंगरांतला कापूस

आज सकाळी पुन्हा तो आवाज आला. मी देवघरासमोर हात जोडून उभी होते, डोळ्यांत ग्लिसरीन, ओठांवर अर्धं वाक्य, आणि बंगल्यामागच्या रस्त्यावरून एक ट्रॅक्टर उसाच्या दोन ट्रॉल्या ओढत निघाला होता. वर गाणं लावलेलं, ते इतकं मोठ्यानं की आमच्या खोट्या देवघरातली खरी घंटा थरथरली. सलीमभाई आमचे साऊंड रेकॉर्डिस्ट. त्यांनी हेडफोन एका कानावरून सरकवला आणि हात वर केला.

"होल्ड."

होल्ड म्हणजे आहात तसे थांबा. हात जोडलेले असतील तर जोडलेलेच ठेवायचे, मान जेवढी कललेली तेवढीच, पदर त्याच खांद्यावर. अश्रू गालावर जिथवर आला असेल तिथंच त्यानं थांबावं अशीही अपेक्षा असते, पण तो बिचारा करारावर नसल्यामुळे ऐकत नाही. ट्रॉल्या लांब जाईपर्यंत सगळं घर पुतळ्यांचं होतं. मग सलीमभाई हात खाली करतात आणि आम्ही पुन्हा जिवंत होतो. कारखान्यांचा गळीत हंगाम सुरू झाला की हे दिवसभर चालतं.

या दिवसांत कोल्हापूरच्या हवेला वास असतो. पहाटे धुक्यात पाचट जाळल्याचा धूर, दुपारी कुठल्यातरी गुऱ्हाळावरून येणारा काकवीचा गोडसर वाफाळ वास, आणि वारा फिरला की कारखान्याच्या मळीची ती आंबूस घाण. रस्त्यावर ट्रॉलीतून सांडलेली उसाची कांडी पडलेली असतात आणि शाळेची पोरं सायकली आडव्या टाकून ती पळवतात. लोकांना हा वास आला की गूळ आठवतो. मला पलंग आठवतो. पांढऱ्या चादरीचा, लोखंडी, हॉस्पिटलचा पलंग. आठ वर्षांपूर्वीचा अख्खा हंगाम मी त्या पलंगावर पडून काढला, आणि तेही तब्येत ठणठणीत असताना.

मी हुपरीची. आमच्याकडं घरोघरी चांदीचं काम चालतं, तसं आमच्याही ओसरीत चालायचं. आण्णा, म्हणजे माझे वडील, पैंजण करायचे. साखळी जुळवणारे, डाग देऊन कड्या सांधणारे, झिलई करणारे असे तिघंचौघं हाताखाली असत, पण शेवटचं काम आण्णा कुणाला देत नसत. तयार जोड उजव्या कानाशी धरायचा, दोनदा हलवायचा आणि डोळे मिटायचे. पन्नास घुंगरांत एखादं मुकं असलं तर ते बरोबर त्याच्यावर नख ठेवायचे. "ह्ये बोलंना बघ," म्हणायचे आणि काढून टाकायचे. लहानपणी मला वाटायचं, माझ्या बापाला चांदीची भाषा येते. अजूनही वाटतं, त्यात लाजायचं काय?

आणि मी दुपारी अडीचच्या मालिकेतली कुमुदवहिनी. थोरली सून. तेव्हा मालिकेला चार वर्षं झाली होती. त्या चार वर्षांत माझं पडद्यावर दोनदा लग्न झालं, दोन्ही वेळा त्याच नवऱ्याशी, कारण मधे त्याची स्मृती गेली होती. घरी एकदाही झालं नाही. स्थळं यायची, पण मुलाच्या आईला आधी कुमुदचं पुढं काय होणार तेच जाणून घ्यायचं असायचं. चहा गार व्हायचा, आणि कुमुदची जाऊ किती वाईट आहे यावर आमच्या दोन घरांचं एकमत होऊन बैठक संपायची.

शूटिंगचा बंगला कोल्हापूरच्या बाहेर, उसाच्या मळ्याला चिकटून. तिथून आमची हुपरी एसटीनं तासाभराच्या आत येते. सांगायचा मुद्दा तोच आहे. मुंबईला असते तर दूर आहे म्हणून मनाची समजूत घातली असती. मी घरापासून एका एसटीच्या अंतरावर होते आणि घरी जाऊ शकत नव्हते. आमच्या जैनांच्या घरात दिवस मावळायच्या आत जेवण उरकतं. हिवाळ्यात तर अव्वा, माझी आई, पाचलाच ताटं घेते. माझं पॅकअप नऊला. घरी पोचेपर्यंत चूल पुसलेली आणि आण्णा झोपलेले, आणि सकाळी सातच्या कॉलसाठी, म्हणजे सेटवरच्या हजेरीसाठी, मी निघायचे तेव्हा आण्णा बस्तीत, आमच्या जैन मंदिरात, अभिषेकाला गेलेले. म्हणून कोल्हापुरातच खोली घेतली. महिन्याच्या चार सुट्ट्यांतल्या दोन कुठल्यातरी दुकानाच्या उद्घाटनाला जायच्या. आण्णांच्या पानाशेजारचं माझं पान वर्षातून पाच-सहा वेळा मांडलं जायचं, तेवढंच.

मालिका सुरू झाली तेव्हा आण्णांनी कुमुदसाठी पैंजण करून दिले होते. महिनाभर खपले त्यावर. "समदा महाराष्ट्र ऐकणार हाय," म्हणाले. पहिल्याच दिवशी मी ते घालून जिना उतरले आणि सलीमभाईंनी कपाळाला हात लावला. सेटवर बांगडी, पैंजण, कुरकुरणारी खुर्ची हे सगळे शत्रू. संवादावर आवाज येतो. त्यांनी मेकअपच्या डब्यातला कापूस मागवला, टाचणी घेतली आणि एकेका घुंगराच्या फटीतून बोळा आत सारत बसले. तासाभरात पैंजण मुके झाले. दिसायला तसेच, चमकायला तसेच. त्या रात्री आण्णांना फोनवर म्हटलं, "आण्णा, काय वाजतात म्हणून सांगू!" खोटं बोलायचं म्हणून बोलले नव्हते. महिनाभराच्या कामात कुणी टाचणीनं कापूस भरला हे बापाला कुठल्या तोंडानं सांगायचं?

ते खोटं चार वर्षं सुखात नांदलं, कारण मालिकेत मागं कायम संगीत असायचं आणि पैंजण त्याखाली दबतात असं आण्णा धरून चालायचे. मग एका दिवाळीला आण्णा म्हणाले, "पद्मे, तुझं पैंजण मला ऐकू येईनात आता. म्होरं बसतो, आवाज वाढवतो, तरी न्हाय. कान चालले बघ माझे." मी हसण्यावारी नेलं. तेव्हाच सांगायला हवं होतं. पण मग लक्षात आलं की ते माझं बोलणंही दोनदा विचारतात, ओसरीतल्या माणसांवर उगाच खेकसतात, आणि पैंजण कानाशी धरल्यावर डोळे मिटायच्याऐवजी आमच्याकडं बघतात. डॉक्टरांकडं नेलं. त्यांनी कानात दिवे घालून पाहिलं, एका खोलीत बसवून शिट्ट्या ऐकवल्या आणि मला बाजूला घेऊन सांगितलं, की कानाची नस सुकते आहे. यंत्राचा फारसा उपयोग नाही. डावा गेल्यातच जमा, उजवा काही महिने साथ देईल. जवळ बसून, तोंडासमोर बोललात तर ऐकतील तोवर.

जवळ बसून. मी त्या दोन शब्दांवर रात्रभर रडले, ग्लिसरीनशिवाय. दिवसाचे चौदा तास मी बोलायचे. सासूशी, जावेशी, देवाशी, नवऱ्याच्या फोटोशी. ज्यांना ऐकवायचं त्यांच्यासाठी माझ्याकडं फोन होता, आणि फोनवर तर आण्णा नुसतं "व्हय, व्हय" म्हणायचे. आण्णांच्या कानात जेवढं शिल्लक होतं तेवढं मला हवं होतं. काय सांगायचं होतं म्हणाल तर काहीच नाही. लहानपणी ओसरीत बसून बडबडायचे तसं बडबडायचं होतं.

आमच्या दिग्दर्शकांना आम्ही विनायकदादा म्हणतो. माणूस चांगला. त्यांना म्हटलं, मला सोडा. ते म्हणाले, करारातून असं उठून जाता येत नाही, पण कथेतून जाता येतं. कुमुदला मारू. त्यांनी वर विचारलं आणि वरून होकार आला. आधी अपघात, पंधरा दिवस हॉस्पिटल आणि मग मरण. एवढं आनंदानं स्वतःचं मरण कुणी ऐकलं नसेल. मी त्यांच्या पाया पडले. "फक्त," दादा म्हणाले, "घरीसुद्धा बोलायचं नाही हं. सही केलीयस." पुढची कथा बाहेर फोडायची नाही हे आमच्या करारात असतं. मागं एका पोरीनं मावशीला सांगितलं आणि तिचं बाळंतपण दुसऱ्या दिवशी पेपरात आलं, पडद्यावरचं. मी घरी काही बोलले नाही. मनात म्हटलं, पंधरा दिवसांनी बॅग घेऊन ओसरीत उभी राहीन, मग कळेलच की.

अपघात झाला, तोही उसाच्या ट्रॉलीला धडकून, कारण ट्रॉल्या फुकट मिळत होत्या. मग मी पलंगावर आले.

बेशुद्ध माणसाचं काम सोपं, असं सगळे म्हणतात. एकदा करून बघा. डोळे मिटले की पापण्या फडफडतात, त्या थांबवायला मिटल्या डोळ्यांनी खाली नाकाकडं बघत राहावं लागतं. डोक्याला पट्टी, तिच्यावर रक्त, तोंडात नळी आणि ती चिकटपट्टीनं गालाला पक्की केलेली. ती काढून पुन्हा लावायला मेकअपदादांना अर्धा तास लागायचा, म्हणून जेवणाच्या सुट्टीपर्यंत मी तशीच. पट्टीवरचा रक्ताचा डाग काल होता तिथंच आज हवा, म्हणून सकाळी माझे फोटो काढून जुळवायचे. पैंजणही पायात राहिले. हॉस्पिटलात पैंजण कोण ठेवतं, असं मी विचारलं होतं. "सौभाग्याचं लेणं आहे, प्रेक्षक बायका चिडतील," असं उत्तर मिळालं. अंगावर दिव्यांचा ताव, आणि माझ्या उशाशी बसून सगळं घर आळीपाळीनं रडायचं. मधेच मागच्या रस्त्यावर ट्रॉल्या यायच्या. सलीमभाई म्हणायचे होल्ड, आणि मी पडल्यापडल्या होल्ड व्हायचे. कसलाच फरक पडायचा नाही. त्याची मला आधी गंमत वाटली, मग भीती वाटायला लागली.

मी दिवस मोजत होते. आण्णांचा कान आणि माझे पंधरा दिवस, दोन्ही एकदमच सरत होते.

पण मालिकेतले पंधरा दिवस तुमच्या-आमच्या पंधरा दिवसांसारखे नसतात. अपघाताची एक रात्र दोन आठवडे चालली. तिकडं घरोघरी बायका अडीच वाजता पदर डोळ्यांना लावून बसायला लागल्या. मग तो प्रोमो आला. यंत्रावरची हिरवी रेघ वरखाली होत होत एकदम सरळ झालेली, माझा चेहरा आणि काळा पडदा. शुक्रवारी माझ्या मरणाचं शूटिंग ठरलं होतं. बुधवारी आण्णा आले.

दुपारची जेवणाची सुट्टी नुकतीच संपली होती. नळी लावून झाली होती, वरच्या कॅमेऱ्याचं माप घ्यायचं चाललं होतं आणि मला हलू नको म्हणून बजावलं होतं. मिटल्या डोळ्यांनी मी आवाज ओळखला. आण्णा तेव्हा फार मोठ्यानं बोलायला लागले होते, कारण स्वतःचा आवाजही त्यांना लांबून यायचा.

"पावणं, जरा वाट सोडा. पोरीला बघायला आलोय."

डोळ्याची फट करून पाहिलं. धोतर, टोपी, हातात पितळी गडू, आणि मागं आमच्या गल्लीतल्या सहा-सात बायका. एसटीनं आले होते सगळे. वॉचमननं अडवलं नव्हतं, कारण वॉचमनच्या बायकोनंही कुमुदसाठी उपास धरला होता. आण्णा सरळ पलंगाशी आले. गडूत बोटं बुडवून त्यांनी माझ्या कपाळाला, डोक्याच्या पट्टीला गंधोदक लावलं. बस्तीतलं अभिषेकाचं पाणी, सकाळचं, एसटीत मांडीवर धरून आणलेलं. रक्ताचा डाग भिजून खाली ओघळला. मेकअपदादा "अहो, अहो" करत धावले. विनायकदादांनी त्यांना हातानं थांबवलं.

"साहेब तुमीच काय?" आण्णांनी दादांना विचारलं. "माझ्या पोरीला मारू नगासा."

"आण्णा, ही मालिका आहे हो. पद्माताई छान आहेत बघा." दादा ओरडूनच बोलत होते.

"मला काय यडा समजलासा व्हय? मला कळतंय की, खोटं हाय म्हणून. पण उद्या-परवा तिच्या फोटुला हार घालणार न्हवं तुमी? मी बाप हाय. त्यो हार मी बघू? तिची आई बघंल? म्या नियम घेतलाय, ही उठंस्तवर गुळाला शिवायचं न्हाय."

"आमच्या हातात काही नसतं आण्णा. वरून येतं सगळं."

"वरनं म्हंजी? देवाकडनं?"

"मुंबईहून."

बायका हसल्या आणि लगेच रडायला लागल्या. मी पलंगावर ताठ. आण्णांचा नियम म्हणजे काय ते मला ठाऊक होतं. आमच्याकडं माणसं अशी एकेक गोष्ट सोडतात आणि मग जीव गेला तरी तोंडाला लावत नाहीत. आण्णांना भाकरीशी गुळाचा खडा लागायचा, रोज, जन्मभर. आणि तो त्यांनी नव्या गुळाच्या दिवसांत सोडला होता, मी जगावं म्हणून. मला तर मरायचं होतं. मरून त्यांच्याकडंच तर जायचं होतं.

मग आण्णा पायाशी गेले. चादर वर करून त्यांनी कारागिराच्या हातानं पैंजण चाचपले, कडी बघितली, एका घुंगराला नख लावलं, हलवलं. थांबले. खिशातली बारीक चिमटी काढून घुंगराच्या फटीत घातली आणि कापसाचा करडा पडलेला बोळा बाहेर ओढला.

"ह्यात कापूस हाय!"

सलीमभाई पुढं झाले. त्यांनी हातवारे करून, माईक दाखवून, ओरडून समजावलं की आवाज येऊ नये म्हणून पहिल्या दिवसापासून कापूस आहे. मला वाटलं, आता आण्णा संतापतील. आण्णांनी तो बोळा तळहातावर घेतला, बघितला, आणि त्यांचा चेहरा असा उजळला की मी तसा पुन्हा पाहिला नाही.

"म्हंजी माझं कान गेलं न्हवतं तर! ह्ये वाजतच न्हवतं!" ते गल्लीतल्या बायकांकडं वळले. "ऐकलंसा काय? कान न्हाय गेलं माझं!"

ज्यानं त्यांना दिवाळीला भीती घातली ते माझं एक खोटं होतं, आणि आता त्यातूनच त्यांना आनंद झाला होता. तोही खोटाच. डॉक्टरांचा कागद माझ्या पर्समध्ये होता.

त्या क्षणी मी उठायला हवं होतं. हा विचार मी इतक्या वेळा केला आहे की आता तो घासून गुळगुळीत झालाय. चिकटपट्टी ओढायची, नळी थुंकायची, उठून बसायचं आणि सांगायचं, आण्णा, मरण मीच मागून घेतलंय, मला घरी यायचंय. पण आण्णांना काही सांगायचं तर ओरडावं लागायचं. सगळ्या युनिटसमोर, त्या एसटीनं आलेल्या बायकांसमोर, तो उजळलेला चेहरा समोर असताना, हे ओरडून सांगायचं? जे कानात सांगायचं असतं ते ओरडून सांगता येत नाही. मी डोळे मिटले आणि मिटल्या डोळ्यांनी नाकाकडं बघत राहिले.

त्या दिवशी नेमक्या मुंबईहून चॅनलच्या मॅडम आल्या होत्या. कोपऱ्यात उभं राहून त्यांनी सगळं मोबाईलवर घेतलं होतं. गुरुवारी संध्याकाळी विनायकदादांचा फोन आला. त्यांच्या आवाजात एकाच वेळी अभिनंदन आणि शरम होती.

"पद्मा, कुमुद वाचली गं. वरून आलंय. जोवर बायका रडतायत तोवर तिला पलंगावरच ठेवा म्हणतायत."

बायका गुढीपाडव्यापर्यंत रडल्या. धुकं आलं आणि गेलं, रस्त्यावरच्या ट्रॉल्या कमी झाल्या, एकेका कारखान्याची धुराडी थंडावली, मळ्यातला ऊस तुटून बंगल्याच्या खिडकीतून लांबवर नुसतं उघडं रान दिसायला लागलं. मी पडून. सुट्टीला घरी गेले की आण्णांच्या उजव्या कानाशी बसायचे, आणि दर खेपेला आवाज आणखी थोडा चढवावा लागायचा. शेजारच्या गच्चीवर ऐकू जाईल एवढ्यानं मी भाकरी मस्त झाली म्हणून सांगायचे. बाकी काय सांगणार एवढ्या मोठ्यानं? आण्णा डब्यातल्या गुळाकडं बघायचेसुद्धा नाहीत. अव्वा त्यांना वाढायचीच नाही. माझ्याही घशाखाली तो उतरायचा नाही.

कुमुद पाडव्याला उठली. दादांनी प्रसंग मोठा बांधला होता. आधी चेहरा नाही, पाय दाखवायचे. अंगठा हलतो आणि पैंजण वाजतात. त्या एका शॉटसाठी सलीमभाईंनी आदल्या दिवशी बसून घुंगरांतला सगळा कापूस टाचणीनं काढला, आणि पायापाशी चादरीखाली माईक ठेवला. ॲक्शन म्हटल्यावर मी पाय हलवला. चार वर्षांनी ते बोलले. पन्नासच्या पन्नास घुंगरं, एकही मुकं नाही. कट म्हटल्यावरही सलीमभाई हेडफोनवर दोन्ही हात दाबून बसले होते.

ज्या दुपारी ते दाखवलं त्या संध्याकाळी अव्वाचा फोन आला. "ते बघत हुते गं. आवाज समदा मोठा केलता. काय बी कळंना त्येस्नी. मग मी त्येंचा हात धरला न् मान हलवून सांगितलं, वाजलं म्हणून. लई बेस वाजलं म्हणून." फोन ठेवता ठेवता ती म्हणाली, "गूळ खाल्ला बग आज."

त्यानंतर मी सुटायचं पुन्हा विचारलं नाही. कशासाठी विचारायचं? ज्यासाठी घाई होती ते संपलं होतं. ज्या कुमुदला हुपरीच्या बापानं नियम घेऊन वाचवलं ती आता मरणं शक्यच नव्हतं. बाजारात भाजी घ्यायला गेले तर बायका माझ्या कपाळाला हात लावून बघतात, आता दुखत नाही ना म्हणून. त्यांचा जिव्हाळा खरा आहे आणि मला त्याचा राग येतो. राग येतो याची लाज वाटते. मग मी त्यांच्याबरोबर फोटो काढते. आठ वर्षं झाली. कुमुदचा मुलगा शाळेत होता, त्याचं मागच्या महिन्यात लग्न झालं. मी सासू झाले. केसांना पांढरा रंग लावतात, खालचा माझा खरा पांढरा झाकून. पायात पैंजण तेच, कापूस नवा.

घरी टीव्ही अडीचला अजून लागतो, पण आवाज बंद. अव्वा सांगते, "ते नुसतं बगत बसत्यात न् मग मला सैपाकघरात येऊन समदी ष्टोरी सांगत्यात." मला वाटायचं, आण्णा मनानं रचून सांगतात. बरंच आहे, आमच्या लेखकांपेक्षा चांगलं रचत असतील.

आज दुपारी वळणावर दोन ट्रॉल्या एकमेकींत अडकल्या आणि ऊस रस्त्यावर पसरला. जनरेटरची गाडी पलीकडं, आम्ही अलीकडं. तीनला पॅकअप झालं. हंगामानं एवढ्या वर्षांत पहिल्यांदा मला काही दिलं. मी साडीही बदलली नाही, पांढऱ्या केसांनिशी एसटीत बसले. कंडक्टरनं तिकिटाबरोबर नव्या सुनेला दमात ठेवायचा सल्ला दिला.

पाचला ओसरीत पोचले. ऊन अजून समोरच्या भिंतीवर होतं. अव्वानं घाईनं तिसरं पान मांडलं. भाकरी, पावट्याची आमटी, शेंगदाण्याची चटणी, तूप, नव्या गुळाचा खडा. आण्णा आता थकलेत, पण मांडी घालून बसतात. माझ्याकडं बघून हसले आणि पायांकडं बघून त्यांनी भुवया उडवल्या. मी पाय हलवून दाखवला. दोघांनाही ठाऊक, आत कापूस आहे.

मी भाकरी मोडली. आता ओरडायची गरज नव्हती, कारण ओरडूनही उपयोग नव्हता. त्या मोकळेपणात माझ्या तोंडून ते आपोआप निघालं, अगदी हळू, घास कालवता कालवता बोलावं तसं.

"आण्णा, त्या हंगामात कुमुदला मारा म्हणून मीच सांगितलं होतं. मला घरी यायचं होतं. तुम्हाला ऐकू येत होतं तोवर तुमच्याजवळ बसायचं होतं."

आण्णांचा हात ताटात थांबला. ते माझ्या ओठांकडं बघत होते. रोज अडीच वाजता आवाज बंद करून बघतात, तसेच. आठ वर्षं त्यांनी जगातलं दुसरं कुठलं तोंड एवढं वाचलं नसेल. हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं.

"मग तवाच वरडायचं की!" आण्णा ओरडले. भिंतीवरची चिमणी उडाली. त्यांचे डोळे भरून आले होते. "म्या उबा हुतो की तितं म्होरं! वरडायचं की गं!"

"हळू बोला," अव्वा आतून म्हणाली, "शेजारी ऐकत्यात."

आण्णांना ते ऐकू गेलं नाही. त्यांनी आपल्या ताटातला गुळाचा खडा उचलला आणि माझ्या पानात ठेवला. माझ्या मोबाईलवर उद्याच्या कॉलचा मेसेज आला होता, सकाळी सात, रस्ता मोकळा झाला आहे. मी तो पालथा ठेवला आणि गूळ तोंडात घातला. दिवस मावळायला अजून थोडा वेळ होता.